नावाचा अर्थ कुठून आला? : नावकोश तपासणीच्या नोंदी

५ जून २०२५

वाचनालयाच्या संदर्भ कपाटात बाळाच्या नावांच्या जुन्या पुस्तिका आहेत. पानं सुटलेली, दोऱ्याने बांधलेली, तरी मागणी त्यांनाच जास्त. हल्ली पुस्तिका मागणाऱ्याच्या दुसऱ्या हातात फोन असतो. फोनवरची यादी दाखवतात आणि म्हणतात, "यात दिलेला अर्थ बरोबर आहे का, तेवढं बघून सांगा." आजवर ज्याने विचारलं त्याला त्या वेळी बघून सांगत होतो. आता ग्रंथपालांनी हे काम एकदाच नीट करून, बाड बांधून ठेवायचं ठरवलं आहे. तपासणी माझ्याकडे. संस्कृतसाठी निवृत्त शिक्षिका आहेत, त्यांना आम्ही सगळे बाईच म्हणतो. तक्ता आणि शोधाशोध भाचा बघणार.

रकाने: नाव देवनागरीत, फिरणारा अर्थ, कोशातला अर्थ, कोणता कोश, मूळ भाषा, शेरा. शेऱ्यात चारच शब्द चालतील: पक्कं, घडवलेलं, कथा, माहीत नाही. 'घडवलेलं' या शब्दात कमीपणा नाही. आईबापांनी नवं नाव जोडावं, तो त्यांचा अधिकार आहे. मात्र नव्या नावाला "ऋग्वेदातलं नाव" म्हणून कुणी खपवू नये.

कोश असे: संस्कृतला आपटे, मोनिअर-विल्यम्स (१८९९) आणि अमरकोश. मराठीला मोल्सवर्थची १८५७ ची दुसरी आवृत्ती, दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश आणि कृ. पां. कुलकर्णींचा व्युत्पत्तिकोश. मोनिअर-विल्यम्स कलोन विद्यापीठाने आणि मोल्सवर्थ व दाते शिकागो विद्यापीठाने इंटरनेटवर शोधता येतील असे ठेवले आहेत, त्यामुळे भाच्याचं काम खूप हलकं झालं. एक नियम पहिल्या दिवशीच लिहून भिंतीला लावला: एका यादीला दुसऱ्या यादीचा पुरावा चालणार नाही.

८ जून

दिवस एकाच नावात गेला. आरव. कुठलीही यादी उघडा, अर्थ एकच: शांत.

बाईंना फोन केला. त्यांनी प्रश्न पुरता ऐकला आणि लगेच अमरकोशातली ओळ म्हटली, "आरवारावसंरावविरावाः". ही ओळ 'शब्द' म्हणजे आवाजाचे पर्याय सांगताना येते. निनाद, ध्वनी, रव, स्वन, नाद, निर्घोष, आणि त्याच रांगेत आरव. धातू 'रु', अर्थ आवाज करणं, ओरडणं. मग बाईंनी विचारलं, "पहाटे कोंबडा काय करतो?"

आरवतो. एवढा पुरावा घराघरांत असताना 'शांत' हा अर्थ इतकी वर्षं कसा फिरला, याचं वाईट वाटलं. मोल्सवर्थमध्ये 'आरवणें' आहेच. आपटे आणि मोनिअर-विल्यम्स दोघेही आवाज, आरोळी, गर्जना याच बाजूचे आहेत. 'शांत' हा अर्थ 'नीरव'चा. दोन्ही नावं शेजारी-शेजारी ठेवल्यावर कुणाच्या तरी हातून अर्थाची ओळ सरकली असावी, असा आमचा अंदाज. अंदाज म्हणूनच तो लिहिला आहे.

नोंद: आरव. नाद, साद, आवाज. संस्कृत. पक्कं. 'शांत' चूक.

बाईंनी मोनिअर-विल्यम्स कसा वाचायचा तेही आज भाच्याला समजावलं. काही अर्थांपुढे 'एल.' अशी खूण असते. तिचा अर्थ असा की हा शब्द किंवा हा अर्थ फक्त जुन्या कोशकारांनी दिला आहे, एखाद्या ग्रंथात वापरलेला सापडलेला नाही. फोनवरच्या याद्या नेमके हेच अर्थ उचलतात, कारण ते बहुतेक देवादिकांचे आणि गोड असतात. इरा घ्या. ग्रंथांतला मूळ अर्थ पेय, अन्न, तरतरी देणारं काही. सरस्वती आणि पृथ्वी हे अर्थ कोशकारांचे. दोन्ही लिहायचे, पण कुठला कुठून आला ते सांगून.

१२ जून

नावं तपासण्याआधी ती अशी का बनतात ते समजून घ्यायला हवं होतं. आज पंचांग घेऊन बसलो.

सत्तावीस नक्षत्रं, प्रत्येकाचे चार चरण, प्रत्येक चरणाला एक अक्षर. एकूण १०८. अश्विनीला चू चे चो ला, कृत्तिकेला अ ई उ ए, मृगाला वे वो का की, स्वातीला रू रे रो ता. गुरुजी अक्षर सांगतात आणि घरात शोध सुरू होतो. 'रा' किंवा 'मा' निघालं तर प्रश्नच नाही. 'रे' निघालं आणि मुलगा असेल तर अडतं. रेवती, रेणुका, रेवा ही सगळी मुलींची नावं. अशा वेळी यादी 'रेयांश' पुढे करते आणि खाली लिहिते, "सूर्याचा पहिला किरण". 'की' निघालं की कियान आणि कियारा. आम्ही घडवलेल्या नावांची आद्याक्षरं मोजायला घेतली, तर गर्दी याच अवघड चरणांवर दिसली.

आर्द्रेला ङ आहे, हस्ताला ण, उत्तरा भाद्रपदेला ञ. या अक्षरांनी नावं सुरूच होत नाहीत. ज्योतिषाच्या परंपरेनेच त्याला तोड काढून ठेवली आहे: ङ, ञ, ण यांच्या जागी अनुक्रमे ग, ज, ड धरावेत. ही सोय फार थोड्यांना ठाऊक असते. बाडाच्या पहिल्या पानावर ती छापायची.

बाईंनी आणखी एक गोष्ट दाखवली. पारस्कर गृह्यसूत्रात नाव कसं ठेवावं हे आहे: मुलाचं दोन किंवा चार अक्षरी, घोष व्यंजनाने (ग, ज, द, ब अशा) सुरू होणारं, मुलीचं विषम अक्षरांचं, आकारान्त. चरणाक्षराचा तिथे उल्लेख नाही. ती ज्योतिषाकडून आलेली वेगळी रीत आहे. आमच्या आजीच्या पिढीत पत्रिकेतलं नाव वेगळं आणि हाक मारायचं नाव वेगळं असे, त्यामुळे अक्षराचं ओझं पाळण्यातल्या नावावर येत नसे. पत्रिकेपुरतं एक ठेवून हाकेला मनासारखं नाव ठेवायची ती पद्धत मला अजूनही शहाणपणाची वाटते.

१५ जून

'अंश' शेवटी असलेली नावं एकत्र काढली: शिवांश, देवांश, दिव्यांश, प्रियांश, श्रेयांश, रेयांश, अयांश, जियांश.

कसोटी सोपी ठेवली. 'अंश' बाजूला केल्यावर मागे शब्द उरतो का? शिव, देव, दिव्य, प्रिय उरतात. पक्कं. 'किरण' हा अर्थ मात्र यांच्यापैकी एकाचाही नाही. किरण म्हणजे अंशु; अंश म्हणजे भाग. ही चूक जवळजवळ प्रत्येक यादीत आहे.

श्रेयांश वेगळा निघाला. श्रेयस् आणि अंश जोडले तर संधीच्या नियमाने 'श्रेयोंऽश' होतं. मुळात नाव 'श्रेयांस' आहे, 'स'ने संपणारं. जैनांचे अकरावे तीर्थंकर श्रेयांसनाथ. 'अधिक कल्याणकारी' या अर्थाच्या शब्दाचं श्रेयांसम् असं रूप चालतं, त्यातलं हे अंग. पुढे कुणीतरी 'स'चा 'श' केला आणि त्यात अंश दिसू लागला. नोंदीत दोन्ही रूपं ठेवली.

रेयांशचा 'श्र' गळालेला दिसतो. 'रै' म्हणजे धन, त्याच्याशी जोडावं म्हटलं तर संधी 'रायंश' होतो. शेरा: घडवलेलं. आणि लगेच पुढे लिहिलं: 'रे' अक्षराच्या मुलासाठी रेवंत पाहा. रेवंत हा पुराणांत सूर्याचा पुत्र. सूर्याशी नातं हवंच असेल तर ते इथे खरोखर आहे. रेवणही आहे, सांगली जिल्ह्यात रेणावीला रेवणसिद्धाचं देऊळ आहे आणि त्या भागात रेवण नाव जुनं.

अयांशने मात्र आनंद दिला. 'अय' शब्द अमरकोशात आहे: "अयः शुभावहो विधिः". शुभ घडवून आणणारं दैव म्हणजे अय. नाव नवं, पण त्याची फोड सरळ लागते: सुदैवाचा अंश. फिरणाऱ्या अर्थापेक्षा हा कितीतरी चांगला, आणि कुणी तो देत नाही.

२१ जून

आज एक तरुण वडील आले. हातात बारशाची पत्रिका, गुलाबी, मधोमध पाळणा. मुलीचं नाव अनया. नावाखाली बारीक अक्षरांत अर्थ छापलेला: 'जिच्याहून कुणी श्रेष्ठ नाही अशी'. कुणीतरी नातेवाईक म्हणाले की अर्थ वाईट आहे, म्हणून विचारायला आले होते. बारसं होऊन गेलेलं, आत्याने कानात नाव सांगून झालेलं, दाखल्यातही गेलेलं.

नातेवाईक चूक नव्हते. 'नय' म्हणजे नीती, योग्य वर्तन. 'अनय' म्हणजे अनीती, गैरवर्तन, आणि दुर्दैवसुद्धा. कोशात हेच आहे, आणि ते लपवायचं नाही हे आमचं ठरलेलं. आपल्याकडे राधेच्या नवऱ्याचं नाव अनय सांगतात, तेही पुल्लिंगी. छापलेल्या अर्थाला आधार कुठेच नाही.

बाई तिथेच होत्या. त्यांनी त्यांना बसवलं आणि विचारलं, "घरी गणपती बसतो ना? पूजा संपताना गुरुजी पाणी सोडायला सांगतात, तेव्हा काय म्हणतात?" त्यांना आठवेना. बाईंनीच म्हटलं: "अनया पूजया... प्रीयताम्." अनया, म्हणजे 'हिच्या योगे'. 'इदम्' सर्वनामाचं स्त्रीलिंगी तृतीया एकवचन. "हिच्या योगे देव प्रसन्न होवो. घरी असंच सांगा."

हा अर्थ नामाचा नसून सर्वनामाच्या रूपाचा आहे, हेही बाईंनी त्यांना स्पष्ट केलं. ते म्हणाले, हे मला कागदावर लिहून द्या. बाईंनी दोन्ही अर्थ कोशाच्या नावासकट लिहून दिले. माझ्या मते हे काम असंच व्हायला हवं. ज्याच्या घरात नाव ठेवून झालं आहे त्याच्या हातात पूर्ण माहिती द्यावी, आणि पुढचं त्याच्यावर सोडावं.

एक तांत्रिक गोष्ट याच नावावरून पुढे आली. रोमन लिपीतल्या यादीत अनया, अनाया आणि अनन्या यांच्या स्पेलिंगचा घोळ असतो. त्यात इनायाही मिसळते. इनाया अरबी, अर्थ काळजी, जपणूक. उर्दूतला 'इनायत' त्याच घरातला. एकाचा अर्थ दुसऱ्याला चिकटायला एक स्पेलिंग पुरतं. यापुढे देवनागरी रूप पक्कं झाल्याशिवाय कोश उघडायचा नाही.

२७ जून

'मूळ भाषा' हा रकाना मी सोपा धरला होता. मिहिरपाशी थांबावं लागलं.

मिहिर म्हणजे सूर्य. अमरकोशात सूर्याच्या नावांत आहे, सहाव्या शतकातल्या वराहमिहिराच्या नावात आहे. अर्थ पक्का. पण शब्द इराणी. इराणी देव मिथ्र, त्याचं पुढचं रूप मिहर, आणि ते संस्कृतात मिहिर होऊन आलं. टीकाकारांनी नंतर 'मिह्' म्हणजे वर्षाव करणं या धातूवरून त्याची संस्कृत फोड दिली. मिथ्र आणि आपला वैदिक मित्र हे एकाच मुळाचे, म्हणजे मिहिर हा मित्राचा भाऊबंदच.

तेव्हा रकाना दुभंगला: 'संस्कृतात आढळतो का' आणि 'मूळ कुठलं'. बऱ्याच वादांचं कारण हे दोन प्रश्न एकच समजणं हे आहे.

विहानचंही असंच. संस्कृत म्हणून देतात. अर्थ पहाट, तो खरा. भोजपुरी, मैथिली, नेपाळीत आजही 'बिहान' म्हणजे सकाळ. शब्द प्राकृतातून आलेला. लोकांच्या रोजच्या बोलण्यातला शब्द नाव म्हणून घेतला तर त्याला संस्कृतचा शिक्का कशाला हवा?

२ जुलै

कियान, कियारा, मायरा. फारसी-उर्दू शिकवणाऱ्या निवृत्त सरांकडे जाऊन आलो.

कियान फारसी. 'कय' म्हणजे राजा, त्यावरून इराणच्या प्राचीन कथांतलं कयानी राजघराणं. याद्यांतला 'देवाची कृपा' हा अर्थ कुठून आला याचा माग लागत नाही. सर म्हणाले, "हा 'कय' तुमच्या शेजारीच आहे. पारशांची कैखुश्रू, कैकोबाद ही नावं पाहा." मुंबई-पुण्यात पिढ्यान्‌पिढ्या ऐकलेली नावं, आणि त्यातला 'कै' राजा आहे हे माझ्या ध्यानात कधी आलं नव्हतं. आयरिशमध्ये जवळजवळ याच उच्चाराचं वेगळं नाव आहे, अर्थ प्राचीन. त्याचा फारसीशी संबंध नाही.

कियारा हे इटालियन. लॅटिन 'क्लारुस', म्हणजे स्वच्छ, उजळ. असिसीच्या संत क्लेअरचं इटालियन नाव हेच. आयरिश भाषेत याच्याशी घोटाळा होणारं नाव आहे ते 'किआर' म्हणजे काळा, गडद यावरून. एका स्पेलिंगखाली उजळ आणि काळी असे दोन्ही अर्थ येतात. घरच्यांनी कुठलं नाव मनात धरलं आहे ते विचारल्याशिवाय उत्तर देता येत नाही.

मायरा फल्क ग्रेव्हिल या इंग्रज कवीने आपल्या कवितेतल्या स्त्रीला दिलेलं नाव. कवी १६२८ मध्ये वारला. मूळ शब्द कोणता यावर मतं आहेत. संत निकोलस ज्या मायरा गावचा बिशप होता ते आजच्या तुर्कस्तानातलं देम्रे. ते गावाचं नाव, वेगळं. शेरा: घडवलेलं, पण चारशे वर्षांपूर्वी.

७ जुलै

काल आषाढी झाली. आज विठ्ठल घेतला, आणि त्याच्याबरोबर ज्यांच्या अर्थामागे कथा आहे अशी सगळी नावं.

'विटेवर उभा तो विठ्ठल' हे प्रत्येक मराठी माणूस सांगेल. रा. गो. भांडारकरांनी शब्दाचं नातं विष्णूच्या कानडी रूपाशी जोडलं. होयसळ राजा विष्णुवर्धन याचं आधीचं नाव बिट्टिदेव, ही त्याच रूपाची ओळख. यावर पुढेही पुष्कळ लिहिलं गेलं. बाडात दोन्ही येईल, विटेची कथा 'कथा' म्हणून आणि भाषेचा विचार अभ्यासकांचं मत म्हणून. भाच्याने विचारलं, कथा कशाला ठेवायची? मी म्हटलं, वारकऱ्याच्या घरात मुलाचं नाव विठ्ठल ठेवतात ते त्या विटेसाठीच. तो अर्थ काढून टाकणारे आपण कोण?

परंपरेलाही यात वावगं वाटलेलं नाही. विष्णुसहस्रनामावरच्या शांकरभाष्यात 'केशव'चे तीन अर्थ आहेत: सुंदर केसांचा, क, अ, ईश म्हणजे ब्रह्मा, विष्णू, शिव ज्याच्या अधीन तो, आणि केशी दैत्याला मारणारा. तिन्ही एकाशेजारी एक, आणि प्रत्येकाचं कारण दिलेलं.

गोव्यातल्या मंगेशाचंही तसंच. वाघाच्या रूपातल्या शिवाला पाहून पार्वती घाबरली आणि "त्राहि मां गिरीश" म्हणाली, त्यातून मांगिरीश आणि मंगेश. शेरा: कथा.

मल्हार याद्यांत फक्त राग म्हणून येतो. महाराष्ट्रात मल्हार म्हटलं की आधी जेजुरी. मल्ल दैत्याचा अरि तो मल्लारि, मल्हारी. मल्हारराव होळकरांचं नाव रागावरून ठेवलेलं नव्हतं. सई दोन याद्यांत 'साईबाबांवरून' दिलेली सापडली. सखी, प्राकृतात सही, मराठीत सई. जात्यावरच्या ओव्यांत बायका एकमेकींना ज्या नावाने हाक मारतात तीच ही, आणि शिवाजी महाराजांच्या थोरल्या राणीचं नावही. 'साई' स्वामीपासून आलेला, वेगळा शब्द. आपल्याच भाषेतली नावं आपल्याच याद्यांत परकी होतात, याचा मला फार त्रास होतो.

१४ जुलै

दगडू, धोंडू, केरू, भिकू. एकाही नव्या यादीत नाहीत. अर्थ विचारायची गरजही नाही. आधीची मुलं जगली नाहीत की पुढच्याला असं नाव ठेवत, दैवाची नजर लागू नये म्हणून. दगडासारखा टिकू दे, हे मागणं त्यात होतं. ही नावं बाडात घ्यायची असं मी धरून बसलो होतो. ग्रंथपालांनी आज होकार दिला.

नकोशीही घेतली. आमच्याच सातारा जिल्ह्यात ऑक्टोबर २०११ मध्ये या नावाच्या दोनशेहून अधिक मुलींना त्यांच्या पसंतीची नवी नावं देण्यात आली. हे नाव पसंतीच्या यादीत नसेल, नोंद म्हणून असेल. अर्थ अचूक माहीत असलेलं नाव एखाद्या मुलीने रोज हजेरीत ऐकावं, हे काय असतं ते ती नोंद वाचणाऱ्याला कळावं.

२० जुलै

शनायावर आठवडा गेला. 'शनिवारी जन्मलेली', 'सूर्याचा पहिला किरण', 'प्रतिष्ठित' असे अर्थ फिरतात. आपटे, मोनिअर-विल्यम्स, दाते, कुठेच शब्द नाही. शनीशी जोडायलाही रूप जुळत नाही. भाच्याने संगणकावरच्या उत्तरयंत्राला विचारलं, तर त्याने संस्कृत धातू देऊन टाकला. तो धातू कोशात शोधला, मिळाला नाही. शेरा: माहीत नाही.

'सूर्याचा पहिला किरण' हा अर्थ आता वेगळ्या कागदावर काढला आहे. रेयांश, शनाया, आरुष, आरुषी, कियारा, सगळ्यांना तो लावलेला. थोडाफार हक्क आरुष-आरुषीचा, कारण ऋग्वेदातलं 'अरुष' म्हणजे तांबूस आणि उषेशी त्याचं नातं आहे. महाभारतात आरुषी ही मनूची कन्या, च्यवनाची पत्नी आणि और्वाची आई. अर्थाला जोडून एवढं माणूस मिळत असताना किरणावर समाधान का मानायचं?

'माहीत नाही' हा शेरा छापावा की ती नावं गाळावी, यावर आज ग्रंथपालांशी बराच वेळ बोलणं झालं. त्यांचं म्हणणं, लोकांना रिकामी जागा आवडणार नाही. माझं म्हणणं, गाळली तर लोक पुन्हा फोनवरच्या अर्थाकडे जातील. बाईंनी माझी बाजू घेतली. शेवटी छापायचं ठरलं, आणि अशा प्रत्येक नावापुढे तीन ओळी कोऱ्या सोडायच्या, कुणाला पुरावा मिळाला तर कोशाचं नाव आणि पान घालून लिहिता यावं म्हणून.

'क' ते 'म' टंकलेखनाला दिलं. 'य'पासून पुढे बाईंकडे तपासायला आहे. 'ज्ञ'साठी अजून एकही घडवलेलं नाव सापडलेलं नाही.